कायद्याबाहेरचीं माणसें

तेराव्या शतकांतील इंग्लंडांत परगण्याची न्यायसभा साधारणपणें चार आठवड्यांतून एकदां भरत असे. शेरीफ हा राजाचा परगण्यांतील अधिकारी तिचा मुख्य. एखाद्या इसमावर खुनाचा किंवा दरोड्याचा आरोप आला आणि तो पळून गेला, तर या सभेंत त्याच्या नांवाचा पुकारा होई. तो आला नाहीं कीं पुढच्या सभेंत पुन्हां पुकारा. असे पांच पुकारे व्हावयाचे. पांचव्या खेपेसही ‘हजर’ म्हणून कोणी पुढें आलें नाहीं, म्हणजे तो मनुष्य कायद्याच्या बाहेर गेला असें जाहीर केलें जाई. साक्षीपुरावा झालेला नसे, आरोप खरा कीं खोटा हें कोणीं तपासलेलें नसे. पांच हांका मारल्या आणि उत्तर आलें नाहीं, एवढ्यावर निकाल.

या निकालाचा अर्थ मोठा भयंकर होता. त्या मनुष्याची जंगम मालमत्ता राजाच्या खजिन्यांत जमा होई. जमीन असेल तर ती एक वर्ष आणि एक दिवस राजाच्या ताब्यांत राही व मग ज्या सरदाराकडून ती मिळालेली असेल त्याच्याकडे परत जाई. त्याला कोणावर फिर्याद लावतां येत नसे. त्याला भाकरीचा तुकडा देणारा किंवा रात्रीपुरता आसरा देणारा स्वतः गुन्हेगार ठरे. अशा मनुष्याच्या धडावर ‘लांडग्याचें शीर’ असतें, अशी जुनी परिभाषा होती. गांवाच्या शिवेंत लांडगा दिसला तर तो कोणाचा, त्यानें काय केलें, हें कोणी विचारीत नाहीं. ज्याच्या हातांत जें सांपडेल तें घेऊन तो धांवतो. ब्रॅक्टनच्या नांवानें प्रसिद्ध असलेल्या तेराव्या शतकांतील कायदेग्रंथांत ही परिभाषा आहे. त्या वेळपर्यंत ही रीत थोडी सौम्य झाली होती, हें खरें. पकडतां येत असेल तर पकडावें, तो पळूं लागला किंवा शस्त्र उचललें तरच मारावें, असा दंडक पडला होता. वेल्सच्या सरहद्दीवरच्या परगण्यांत मात्र जुनीच चाल चालू राहिली.

वाळींत टाकणें ही गोष्ट महाराष्ट्रांतील श्रोत्यांना ऐकून ठाऊक आहे. वाळींत टाकलेल्या कुटुंबाचें पाणी तुटतें, न्हावी येत नाहीं, सोयरीक होत नाहीं. पण वाळींत टाकणारा गांव किंवा जात असते, आणि वरच्या कचेरीचा दरवाजा निदान नांवाला तरी उघडा राहतो. येथें तो वरचा दरवाजाच बंद होई.

स्त्रियांच्या बाबतींत या कायद्यानें एक गंमत करून ठेवली होती. बारा वर्षांवरील पुरुषांना दहा-दहांच्या गटांत शपथ घेऊन कायद्यांत दाखल व्हावें लागे. स्त्रिया या गटांत नसत. मग जी कायद्याच्या आंत कधीं घेतलीच गेली नाहीं, तिला बाहेर कसें काढावयाचें, असा पंडितांना प्रश्न पडला. त्यांनीं तोड काढली ती अशी : पुरुष ‘बाहेर काढलेला’ आणि स्त्री ‘टाकून दिलेली’, म्हणजे रस्त्यावर पडलेल्या बेवारशी वस्तूसारखी. शब्द वेगळा, भोग तेच. हंसावें कीं रडावें असा प्रसंग आहे.

ही शिक्षा इंग्लंडच्या राजांनीं शोधून काढलेली नव्हे. जेथें राजाच नव्हता तेथेंही ती होती. उत्तर समुद्रांतील आइसलंड बेटावर तेराव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत राजा नव्हता, कोतवाल नव्हता, तुरुंगही नव्हता. वर्षांतून एकदां सर्व बेटाची महासभा भरे, ती निकाल देई, आणि त्या निकालाची बजावणी ज्याची त्यानें करून घ्यावयाची. अशा समाजापाशीं देण्यासारखी मोठी शिक्षा एकच : आमच्यांतून नीघ. तेथें अशा मनुष्याला ‘रानांतला माणूस’ म्हणत, जरी त्या बेटावर रान म्हणण्यासारखें रान फारसें नाहीं. ग्रेत्तिर नांवाच्या अशा एका पुरुषाची कथा तेथील गद्य-आख्यानांत प्रसिद्ध आहे. अंगांत अचाट बळ, आणि एका झपाटलेल्या प्रेताच्या शापामुळें काळोखाची भीति. एकट्यानें रात्र काढणें त्याला असह्य होई; म्हणून तो सोबतीला माणसें ठेवी, आणि ज्याच्या डोक्यावर बक्षीस आहे त्यानें सोबत ठेवणें म्हणजे मारेकऱ्याला उशाशीं घेऊन निजणें. शेवटीं समुद्रांतील एका उभ्या कड्याच्या बेटावर धाकट्या भावासह तो राहिला आणि तेथेंच मारला गेला. वीस वर्षें पुरीं केलेला मनुष्य मोकळा होतो असें महासभेंत ठरलें होतें, आणि त्याचीं वीस वर्षें पुरीं होण्यास फार थोडा अवधि उरला होता, असें आख्यानकार सांगतो. या कथेंत ग्रेत्तिरला पराक्रमाची कमतरता नाहीं. त्याला कमी पडतो तो शेजार.

इंग्लंडांत राजा होता, न्यायाधीश होते, दप्तरें होतीं. तरीही तेथें ही शिक्षा इतकी सर्रास कां दिली जात होती? याचें उत्तर दप्तरांतच आहे. १२२१ सालीं राजाचे फिरते न्यायाधीश ग्लॉस्टरशायर परगण्यांत आले. त्या वेळचें दप्तर फ्रेडरिक मेटलंड या कायद्याच्या इतिहासकारानें एकोणिसाव्या शतकांत अभ्यासून छापलें. न्यायाधीशांपुढें मनुष्यवधाचीं सुमारें ३३० प्रकरणें आलीं. फांशीं गेले सुमारें चौदा. एकाचा अवयव तोडण्यांत आला. आणि सुमारें शंभर जणांना कायद्याबाहेर काढण्याचे हुकूम सुटले. चौदा आणि शंभर, हे दोन आंकडे शेजारी शेजारी ठेवले म्हणजे सर्व गोष्ट ध्यानांत येते. राज्याला गुन्हेगार सांपडत नव्हता, म्हणून राज्य त्याला आपल्या बाजूनें तोडून टाकीत होतें. हात पोंचत नाहीं तेथें शाप द्यावा, तशांतलाच हा प्रकार.

या शंभरांत खरे खुनी किती आणि निव्वळ घाबरून पळालेले किती, याचा हिशोब आतां लागणें शक्य नाहीं. पण घाबरण्यास कारणें भरपूर होतीं. चौकशीसाठीं हजर झालेल्या मनुष्याला न्यायाधीश येईपर्यंत शेरीफच्या तुरुंगांत राहावें लागे, आणि न्यायाधीश केव्हां येतील याचा नेम नसे. कांहीं परगण्यांत दोन दोरे असतात तसे या शेरीफच्या हातीं दोन दोरे होते. तो राजाचा न्याय चालवी आणि राजाचा वसूलही करी. परगणा त्याला बहुधा मक्त्यानें दिलेला असे. ठराविक रक्कम खजिन्यांत भरली म्हणजे वर जें सुटेल तें त्याचें. ज्याला तुरुंगांत घालावयाचें आणि ज्याच्यापासून पैसा काढावयाचा तो मनुष्य एकच असला, म्हणजे काय होतें हें सांगावयास नको. कुंपणच शेत खाऊं लागलें, ही तक्रार त्या काळच्या राजांनाही ठाऊक होती. ११७० सालीं दुसऱ्या हेन्रीनें शेरीफांच्या कारभाराची चौकशी करून त्यांतील बहुतेकांना एकदम घरीं बसविलें. पहिल्या एडवर्डनें १२७४-७५ मध्यें अशीच देशभर चौकशी केली, आणि तिची कागदपत्रें लांचलुचपतीच्या कहाण्यांनीं भरलेलीं आहेत. शेरीफ बदलले, मक्ता राहिला.

शिवाय पळून जाणें हाच एक गुन्हा होता. आरोपी मागाहून परत येऊन निर्दोष सुटला, तरी तो पळाला होता म्हणून त्याची जंगम मालमत्ता राजाकडेच राही. अशा स्थितींत परत येण्याची उतावीळ कोणाला असणार?

१३०५ च्या सुमाराची एक फ्रेंच भाषेंतील कविता या संदर्भांत फार बोलकी आहे. त्या काळीं इंग्लंडांतील वरिष्ठ वर्ग फ्रेंच बोले आणि लिही. राजानें नुकतींच दंगेखोरांच्या बंदोबस्तासाठीं खास न्यायमंडळें नेमलीं होतीं. कवितेंतील वक्ता स्वतःला राजाचा जुना शिपाई म्हणवितो. फ्लँडर्स, स्कॉटलंड, गॅस्कनी, सगळीकडे तो लढला आहे. कोणा दुष्टानें खोटी फिर्याद केली, आतां तुरुंग आणि दंड टाळावयाचा तर रानाशिवाय गत्यंतर नाहीं. म्हणून तो झाडांच्या सावलींत बसून, जेथें कपट नाहीं आणि वाईट कायदाही नाहीं अशा जागेचें वर्णन करतो आणि हें गाणें चर्मपत्रावर लिहून रस्त्यावर टाकलें आहे, कोणातरी वाटसरूला तें सांपडावें, असें सांगतो. हा शिपाई खरोखर होता कीं कवीनें उभा केला हा प्रश्न गौण आहे. ऐकणाऱ्यांना तो ओळखीचा वाटला, हें महत्त्वाचें.

रानाचा हा धाक राज्यालाही होता. १२८५ च्या विंचेस्टरच्या कायद्यानें असा हुकूम काढला कीं, बाजारगांवांना जोडणाऱ्या हमरस्त्यांच्या दोन्ही अंगांस दोनशें फुटांपर्यंत झाडीझुडूप, खड्डे कांहीं ठेवूं नये, म्हणजे चोरांना दबा धरून बसतां येणार नाहीं. मोठे ओकवृक्ष तेवढे वगळले. ज्या जमीनदाराच्या हद्दींत झाडी राहिली आणि दरोडा पडला त्यानें भरपाई करून द्यावयाची. कागदावर हा कायदा उत्तम आहे.

आतां कथांकडे वळावयास हरकत नाहीं, कारण त्या नेमक्या याच झाडींतून बाहेर आल्या.

इंग्लंडांतील अशा वीरांत पहिला मान हेरेवर्डचा. १०६६ सालीं नॉर्मंडीच्या विल्यमनें इंग्लंड जिंकलें. त्यानंतर चार-पांच वर्षांनीं पूर्वेकडील दलदलीच्या मुलुखांत हेरेवर्डनें बंड उभारलें. १०७० मध्यें त्यानें डेन लोकांच्या साहाय्यानें पीटरबरोचा मठ लुटला. पुढें ईलीच्या बेटावर बंडवाल्यांनीं आश्रय घेतला, राजानें १०७१ मध्यें त्याला वेढा घातला, बाकीचे शरण गेले, आणि हेरेवर्ड थोड्या सोबत्यांसह निसटला. समकालीन इतिवृत्तांत एवढेंच आहे. पण बाराव्या शतकांत लिहिलेल्या त्याच्या चरित्रांत तो केस-दाढी कापून, कुंभाराचीं मडकीं मागून घेऊन, खुद्द राजाच्या छावणींत विक्रीला जातो.

हीं मडकीं पुढें कोठें कोठें गेलीं हें पाहण्यासारखें आहे. बूलोनचा युस्टस नांवाचा एक साधु होता. मठ सोडून तो समुद्रावरचा लुटारू झाला आणि १२१७ मध्यें सँडविचजवळच्या आरमारी लढाईंत मारला गेला. त्याच्या नांवावर रचलेल्या फ्रेंच काव्यांत तोही कुंभार होतो. पंधराव्या शतकाच्या अखेरीस लिहून ठेवलेल्या एका गाण्यांत रॉबिन हूडही कुंभाराची गाडी घेऊन नॉटिंगहॅमच्या बाजारांत जातो, पांच पेन्सांचें मडकें तीन पेन्सांना विकतो आणि उरलेलीं पांच मडकीं शेरीफच्या बायकोला नजर करून तिच्याच घरीं जेवावयास बसतो. माल स्वस्त विकणारा कुंभार पाहून बाजारांतल्या जाणत्या लोकांना लगेच समजतें, कीं हा कुंभार टिकावयाचा नाहीं. एका वीराची गोष्ट दुसऱ्याच्या खात्यावर कशी वर्ग होते याचा हा नमुना.

फूक फिट्झवॉरिन हा या मालिकेंतील सरदार. श्रॉपशायरमधील व्हिटिंग्टनची गढी आपल्या घराण्याची, असा त्याचा दावा होता; जॉन राजानें ती दुसऱ्याला दिली. १२०० ते १२०३ फूक भावांना आणि सोबत्यांना घेऊन रानांत राहिला, १२०३ मध्यें त्याला माफी मिळाली आणि पुढल्या वर्षीं गढीही मिळाली. इतका हा इतिहास दप्तरांत आहे. कथेंत मात्र भांडणाचें मूळ बालपणांत जातें. लहानगा फूक आणि लहानगा जॉन बुद्धिबळें खेळत असतां जॉन त्याच्या डोक्यांत पट घालतो, फूक उलट लाथ मारतो. जॉन रडत बापाकडे जातो आणि बाप तक्रार केल्याबद्दल जॉनलाच चोप देववितो. पुढें फूक कोळसेवाल्याच्या वेषांत राजाला शिकारीच्या मिषानें झाडींत नेतो आणि आपल्या माणसांच्या हातीं देतो. राजा हातांत सांपडला, आतां मारणार? नाहीं. वचन घेऊन सोडून देतो. बुद्धिबळाच्या पटावरही राजा मारीत नाहींत.

ही गोष्ट या सर्व कथांत आढळते. यांतले वीर शेरीफला मारतील, न्यायाधीशाला टांगतील, मठाधिपतीला लुटतील. राजापुढें मात्र गुडघे टेकतील. चौदाव्या शतकांतील ‘गॅमेलिन’च्या गोष्टींत बापाच्या मृत्युपत्राचा घोटाळा करून थोरला भाऊ धाकट्याची जमीन बळकावतो, मग स्वतःच शेरीफ होतो आणि धाकट्याला कायद्याबाहेर काढतो. धाकटा न्यायसभेंत घुसून न्यायाधीशाला खुर्चींतून ओढतो, स्वतः त्या खुर्चींत बसतो आणि न्यायाधीश, शेरीफ व लांच घेतलेले पंच यांना फांशीं देतो. इतकें झाल्यावर राजा काय करतो? माफी देतो आणि त्याला रानाचा मुख्य न्यायाधिकारी नेमतो! (याच गोष्टीवरून पुढें एक कादंबरी झाली आणि त्या कादंबरीवरून शेक्सपियरचें ‘ॲज यू लाइक इट’. नाटकांत टांगाटांगी नाहीं, प्रेमाच्या चिठ्ठ्या आहेत.) ऐकणाऱ्यांची श्रद्धा अशी होती कीं, राजा चांगला आहे, त्याचीं माणसें वाईट आहेत, राजाला कळलें तर सर्व ठीक होईल. ही समजूत भोळी होती, हें पुढील हकीकतीवरून दिसेल.

कारण प्रत्यक्षांतले टोळीवाले काव्यांतल्यासारखे नव्हते. लीस्टरशायरमध्यें ॲशबी-फॉल्व्हिल म्हणून गांव आहे. तेथील जमीनदाराच्या सात मुलांपैकीं थोरल्यानें जमीन सांभाळली आणि बाकीच्यांनीं टोळी बांधली. युस्टस हा तिचा नायक. जानेवारी १३२६ मध्यें यांनीं रॉजर बेलर्स या खजिन्याच्या बड्या न्यायाधिकाऱ्याला भर रस्त्यांत ठार केलें. ते फरारी झाले. पण पुढच्याच वर्षीं नवा राजा गादीवर आला आणि त्यांना माफी मिळाली. १३३२ च्या जानेवारींत त्यांनीं सर रिचर्ड विलोबी या राजाच्या न्यायाधीशाला पळविलें आणि १३०० मार्कांची खंडणी घेऊन सोडलें. या कामांत त्यांच्या बरोबर डर्बीशायरच्या कोटरेल बंधूंची टोळी होती, आणि कोटरेलांना लिचफील्डच्या देवळांतील धर्माधिकाऱ्यांचा आसरा होता. म्हणजे एकीकडे गढी, दुसरीकडे देऊळ. रानांत राहण्याची यांना फारशी गरज पडली नाहीं.

मौज अशी कीं, याच विलोबीवर १३४० च्या सुमारास कायदा गाईबैलांसारखा विकल्याचा आरोप आला आणि राजानें त्याला दूर केलें. ज्याला लुटलें तोही लुटणाराच, असें पाहून कांहीं लोकांनीं फॉल्व्हिलांच्या नांवानें समाधान मानलें असल्यास नवल नाहीं. विल्यम लँगलंड या चौदाव्या शतकांतील कवीच्या काव्यांत ‘फॉल्व्हिलांचा कायदा’ असा शब्दप्रयोग येतो. अन्यायानें गेलेलें धन बळानें परत मिळविणें, असा त्याचा रोख आहे. पण त्यांच्या दरोड्यांत आणि खंडण्यांत सांपडलेल्या सामान्य माणसांसाठीं कोणीं काव्य रचलें नाहीं. युस्टस १३४६ च्या सुमारास मेला तो फांशीं न जातां. कारण मधल्या काळांत राजाला स्कॉटलंडांत आणि फ्रान्सांत लढण्यासाठीं माणसें हवीं होतीं, आणि जो पदरच्या खर्चानें लढावयास जाईल त्याला मागले खून माफ, अशी सनद मिळे. ही वहिवाट पहिल्या एडवर्डनें १२९४ मध्यें गॅस्कनीच्या लढाईसाठीं सुरू केली होती. त्याच्या नातवाच्या वेळीं अशा सनदा शेंकड्यांनीं सुटूं लागल्या. गाण्यांतला राजा रानांत येऊन वीराची योग्यता पाहून माफी देतो. खरा राजा शिपायांचा तुटवडा पाहून देत असे. सात भावांपैकीं एकालाच गळा द्यावा लागला. रिचर्ड फॉल्व्हिल हा टीग गांवचा पाद्री. तो आपल्याच देवळांत लपून बाण मारीत राहिला, तेव्हां पाठलाग करणाऱ्यांनीं त्याला बाहेर ओढून त्याचें डोकें उडविलें. तो पाद्री होता, म्हणून मारणाऱ्यांनाच पोपच्या आज्ञेनें प्रायश्चित्त घ्यावें लागलें.

काव्य आणि व्यवहार यांची सरमिसळ किती झाली होती पाहा. १३३६ मध्यें यॉर्कजवळच्या एका पाद्र्याला धमकीचें पत्र आलें. लिहिणारा स्वतःला ‘लुटारूंच्या टोळीचा राजा लायोनेल’ म्हणवितो, उत्तर वाऱ्याच्या किल्ल्यांतून, हिरव्या बुरुजांतून, आपल्या राजवटीच्या पहिल्या वर्षीं हें पत्र दिलें असें राजाच्या फर्मानाच्या थाटांत लिहितो. चोरानें गाणीं ऐकलेलीं होतीं.

आणि आतां ज्याची श्रोते मघांपासून वाट पाहत असतील तो रॉबिन हूड. १२२५ मध्यें यॉर्क येथें न्यायाधीश बसले होते. पुढल्या वर्षाच्या खजिन्याच्या हिशोबांत यॉर्कशायरच्या शेरीफनें एक रक्कम दाखविली आहे : रॉबर्ट हॉड, फरारी, त्याच्या मालमत्तेचे ३२ शिलिंग ६ पेन्स. त्यानंतरच्या वर्षीं कारकुनानें तेंच नांव ‘हॉबहॉड’ असें लिहिलें आहे. हाच तो रॉबिन, असें म्हणण्यास आधार नाहीं. रॉबर्ट आणि हूड हीं दोन्ही नांवें तेव्हां गल्लोगल्लीं होतीं. दुसरी नोंद अधिक महत्त्वाची आहे. १२६१ मध्यें बर्कशायरमध्यें विल्यम नांवाचा एक लोहाराचा मुलगा टोळीबरोबर पळाला. १२६२ च्या खजिन्याच्या दप्तरांत कारकून त्याचें नांव ‘विल्यम रॉबहूड’ असें लिहितो. बापाचें नांव रॉबर्ट, मुलगा फरारी; कारकुनाला एक गाजलेलें नांव आठवलें असावें आणि त्यानें तें चिकटवून दिलें. तसें असेल तर १२६२ पर्यंत रॉबिन हूड हें नांव दूर दक्षिणेंतही पोंचलें होतें. वाङ्मयांत त्याचा पहिला उल्लेख लँगलंडच्या काव्यांत, १३७७ च्या सुमारास. तेथें आळस हा एक पाद्री होऊन येतो. त्याला प्रभूची प्रार्थना धड येत नाहीं, पण रॉबिन हूडचीं गाणीं मात्र तोंडपाठ आहेत.

त्या गाण्यांतला जुना रॉबिन आजच्या बोलपटांतल्या रॉबिनहून अगदीं निराळा आहे. तो उमराव नव्हे. साधा स्वतंत्र रयत आहे. त्याचें मुख्य ठाणें यॉर्कशायरमधील बार्न्सडेल. त्याचा राजा सिंहहृदयी रिचर्ड नसून कोणी एक एडवर्ड आहे. मॅरियन नाहीं. सॅक्सन आणि नॉर्मन यांचा झगडा नाहीं. श्रीमंतांना लुटून गरिबांना वांटणें हेंही जवळ जवळ नाहीं. १५०० च्या सुमारास छापलेल्या ‘गेस्ट’ या मोठ्या काव्याच्या अगदीं शेवटीं, त्यानें गरिबांचें पुष्कळ भलें केलें, असें एक वाक्य येतें, इतकेंच.

त्या काव्यांतली कर्जाची गोष्ट मात्र सर्वांनीं ऐकावी अशी आहे. एक गरीब सरदार रॉबिनच्या माणसांना वाटेंत भेटतो. जेवण झाल्यावर रॉबिन विचारतो, जवळ किती आहेत? सरदार म्हणतो, दहा शिलिंग. झडती घेतली तर खरोखर दहाच निघतात. खरें बोलणारा मनुष्य पाहून रॉबिन त्याची हकीकत विचारतो. मुलाच्या हातून खून झाला, त्याला सोडविण्यासाठीं सरदारानें यॉर्कच्या सेंट मेरी मठाकडे जमीन गहाण टाकून चारशें पौंड काढले, उद्यां-परवां मुदत भरते. जामीन कोण? देवावांचून कोणी नाहीं. रॉबिन तें मान्य करीत नाहीं. मेरीमातेचें नांव निघतांच मात्र तिच्या जामिनकीवर चारशें पौंड मोजून देतो. मुदतीच्या दिवशीं मठांत मठाधिपति, कोठीचा अधिकारी, शेरीफ आणि देशाचा मुख्य न्यायाधीश जेवावयास बसले आहेत. न्यायाधीश मठाचा वार्षिक पोषाख आणि तनखा खातो. सरदार मुद्दाम फाटक्या वेषांत आंत जातो आणि गुडघ्यांवर बसून थोडी मुदत मागतो. मठाधिपति नाहीं म्हणतो. तो न्यायाधीशाकडे वळतो, शेरीफकडे वळतो. कोणी बोलत नाहीं. मग तो उठतो आणि चारशें पौंड पानांसमोर ओततो. मठाधिपतीची भूक त्या दिवशीं मेली, असें कवि सांगतो. वर्षानें लिटल जॉनला त्याच मठाचा कोठीवाला रस्त्यांत सांपडतो. जवळ किती? वीस मार्क, तो म्हणतो. झडतींत आठशें पौंड निघतात. मेरीमातेनें दामदुपटीनें फेडलें, म्हणून रॉबिन खूश. सरदार कर्ज फेडावयास येतो, तेव्हां तो एक पैही घेत नाहीं.

या गोष्टींत दरोड्यापेक्षां हिशोब अधिक आहे. राजाच्या न्यायसभेंत आरोपीला न विचारतां निकाल लागतो. रॉबिनच्या न्यायसभेंत एकच प्रश्न विचारला जातो आणि त्याची तेथल्या तेथें पडताळणी होते. खरें बोललास, जा. खोटें बोललास, ठेव. युस्टस साधूच्या काव्यांतही हाच प्रश्न आहे. पांच हांका मारून मोकळें होणाऱ्या कायद्याखालीं राहणाऱ्या लोकांना या एका प्रश्नाचें कां कौतुक वाटलें असेल, हें समजणें कठीण नाहीं.

पण या जुन्या गाण्यांना गोंडसपणा ठाऊक नाहीं. साधारण १४५० च्या हस्तलिखितांतील एका गाण्यांत एक मठवासी साधु रॉबिनला ओळखून शेरीफला खबर देतो. लिटल जॉन आणि मच त्या साधूला वाटेंत गांठून मारतात, आणि बरोबर एक लहान पोरगा चाकर असतो, त्यालाही मारतात. तो जाऊन सांगेल म्हणून. कवि त्यावर एक शब्द बोलत नाहीं, आणि लगेच पुढचा विनोद सुरू होतो. मुलांसाठीं तयार केलेल्या पुस्तकांतून हा पोरगा नाहींसा झाला आहे, आणि तें ठीकच आहे. पण मोठ्यांनीं त्याला विसरूं नये.

राजा आणि रॉबिन यांची भेटही त्याच ‘गेस्ट’मध्यें आहे. एडवर्ड मठाधिपतीच्या वेषांत रानांत येतो, रॉबिन त्याला अडवितो. जवळ चाळीस पौंड आहेत, असें राजा खरें सांगतो. रॉबिन निम्मे परत देतो. राजाची मुद्रा दिसतांच तो गुडघे टेकतो आणि राजाला राजाच्याच हरणांच्या मांसाची मेजवानी देतो. ओळख पटते, माफी मिळते, रॉबिन दरबारांत जातो. आणि येथें या कवीनें इतर सर्वांवर मात केली आहे. फूक गढी घेऊन सुखी झाला, गॅमेलिन अधिकारी झाला. रॉबिनला पंधरा महिन्यांतच दरबार नकोसा होतो. पैसा संपला, सोबती पांगले, दोघेच उरले. एकदां तरुण मुलें तिरंदाजी करतांना पाहून त्याला आपले दिवस आठवतात. बार्न्सडेलच्या लहानशा देवळाला अनवाणी जाऊन येतों, असें सांगून तो सात दिवसांची रजा काढतो. तो परत येत नाहीं. पुढें बावीस वर्षें तो रानांत राहिला. शेवटीं कर्कलीस येथील मठाच्या मुख्य जोगिणीनें औषधासाठीं शीर तोडण्याच्या मिषानें रक्त वाहूं देऊन त्याचा घात केला.

नंतरच्या काळानें त्याला चांगले कपडे चढविले. वॉल्टर बोवर या स्कॉटिश इतिहासकारानें १४४० च्या दशकांत त्याला १२६६ च्या बंडवाल्यांत बसविलें. जॉन मेजरनें १५२१ मध्यें त्याला रिचर्ड राजाच्या काळांत नेलें आणि तेथेंच तो राहिला. मे महिन्याच्या उत्सवांतून मॅरियन आली. १५९८ च्या नाटकांनीं त्याला हंटिंग्डनचा अर्ल केलें. वॉल्टर स्कॉटनें ‘आयव्हॅन्हो’ कादंबरींत त्याच्या हातीं सॅक्सनांचा झेंडा दिला. प्रत्येक पिढीला आपला शेरीफ निराळा दिसतो, त्याप्रमाणें ही रंगरंगोटी बदलत गेली.

ज्या कायद्यामुळें हीं माणसें रानांत गेलीं त्याचें काय झालें? चौदाव्या शतकांत न्यायाधीशांनीं असें ठरविलें कीं, कायद्याबाहेरच्या मनुष्यालाही वाटेल त्यानें मारणें हा खूनच होय. लांडग्याचें शीर गेलें. पुकारे मात्र चालू राहिले. देणेंघेण्याच्या दाव्यांत, पैसे बुडवून दडी मारणाऱ्या ऋणकोंवर त्यांचा उपयोग होऊं लागला, आणि त्यांत भीतीपेक्षां कारकुनी अधिक राहिली. दिवाणी दाव्यांतून ही रीत १८७९ मध्यें रद्द झाली. फौजदारी कायद्यांत ती नांवापुरती पडून होती. पार्लमेंटनें ती १९३८ सालीं काढून टाकली. त्याच वर्षीं हॉलिवूडचा रंगीत रॉबिन हूड, हिरव्या पोषाखांतला एरल फ्लिन, पडद्यावर आला.